हिरव्या टोपीवाला जेवायचा राहिलाय

“प्रत्येक खरेदीच्या आधी पासवर्ड विचारू का?” असं टीव्हीखालच्या गेमच्या यंत्राने चंद्रिकाला अगदी सरळ विचारलं होतं. खाली बारीक अक्षरांत ‘घरात लहान मुलं असतील तर विचारलेला बरा’ अशी पुस्तीही जोडली होती. चंद्रिकाने ‘नको’ दाबलं.

आता चंद्रिका काही इशाऱ्यांकडे कानाडोळा करणारी बाई नव्हे. बिस्किटाच्या पुड्यावरची तारीख ती दुकानाबाहेर उन्हात येऊन वाचते. मुलगी शिवानी दुसरीत गेली तरी तिची द्राक्षं अजून उभी चिरली जातात. गच्चीचं दार लावलंय ना, हे बघायला ती एकदा जाते, आणि आपण बघून आलो की नुसतं ठरवलं होतं हे आठवेना म्हणून पुन्हा जाते. पण त्या दिवशी शिवानीला पाढ्यांचा गेम हवा होता, गॅसवर दूध होतं, आणि त्या बटणांच्या ठोकळ्यावरून एकेक अक्षर शोधत पासवर्ड टाकायचा म्हणजे दूध जाणार हे नक्की होतं. तिने दूध वाचवलं. नवऱ्याच्या कार्डाचा नंबर यंत्रात राहिला तो राहिलाच.

ते गेमचं यंत्र तिच्या नवऱ्याने, अमरेशने, दिवाळीच्या बोनसमधून आणलं होतं. नाव पोरीचं, हौस बापाची. चिंचोळी एमआयडीसीतली शिफ्ट करून आलेला हा गडी त्यावर फुटबॉल खेळायला बसायचा आणि पहिला गोल व्हायच्या आत सोफ्यावर घोरायला लागायचा. शिवानीला पाढ्यांचा गेम आठवडाभर आवडला, मग त्यातही शेवटी पाढेच असतात हे तिच्या लक्षात आलं. त्यामुळे यंत्र टीव्हीखाली धूळ खात पडलंय, अशी चंद्रिकाची समजूत होती. धूळ मात्र कधी दिसायची नाही. ती गुरप्पा पुसत असतील, असं तिला वाटायचं.

गुरप्पा म्हणजे तिचे सासरे. अक्कलकोट रस्त्याला त्यांचं शेत होतं. रस्ता रुंद झाला, त्यात शेत गेलं. मोबदला चोख मिळाला, तक्रार काही नव्हती. फक्त अक्कलकोटला जाताना ते एसटीत खिडकीजवळ बसेनासे झाले. बायको गुरम्मा आधीच गेलेली. मग मुलाने त्यांना सोलापुरात शुक्रवार पेठेतल्या आपल्या दुसऱ्या मजल्यावरच्या घरी आणलं. चंद्रिका दिवसभर एका रक्ततपासणीच्या लॅबमध्ये रिपोर्ट टाइप करते. दुपारी शिवानीला शाळेतून आणायचं, जेवू घालायचं आणि चंद्रिका येईपर्यंत सांभाळायचं, हे काम गुरप्पांकडे. टीव्ही लावायचा झाला तरी ते रोज संध्याकाळी विचारत, “ह्याचं बटन कुटलं गं, यव्वा?” यव्वा म्हणजे बाई, कानडीतलं मायेचं. आणि चंद्रिका रोज दाखवायची.

दुपारी ती लॅबमधून फोन करायची.

“मामा, जेवलात?”

“व्हय.”

“शिवानी?”

“तीबी जेवली.”

“मागं बैलाच्या घुंगरांचा आवाज येतोय.”

“रस्त्यावरनं चाललाय, यव्वा.”

“शुक्रवार पेठेत बैल?”

“चुकला आसंल.”

मागून शिवानीचं खुसखुसणं ऐकू यायचं. चंद्रिका फोन ठेवायची आणि दोन रिपोर्टनंतर पुन्हा करायची, कारण बैल मोकाट असेल तर पोरीला खाली सोडू नका, हे सांगायचं राहिलेलं असायचं.

यंदा येळवस आली तेव्हाची गोष्ट. येळवस म्हणजे मार्गशीर्षातली अमावस्या. अक्कलकोटकडची शेतकरी घरं त्या दिवशी शेतात जेवतात. कडब्याची खोप करायची, चुना लावलेले पाच दगड पांडव म्हणून मांडायचे, भज्जी म्हणजे पालेभाज्या आणि दाण्यांची मिसळ भाजी, बाजरीचे उंडे, गाडग्यातली आंबील, सगळं डोक्यावरून न्यायचं. आणि बांधावरून जो कोणी जाईल, ओळखीचा असो की नसो, त्याला जेवल्याशिवाय पुढे जाऊ द्यायचं नाही. यंदा शेत नव्हतं. चंद्रिकाने पहाटे उठून कुकरमध्ये भज्जी केली आणि लॅबला निघाली.

“यव्वा, भज्जी जरा जास्तीची केली आस्तीस तर?” गुरप्पा म्हणाले.

“कोण येणारंय मामा, दुसऱ्या मजल्यावर?”

त्या दुपारी गुरप्पांनी दोनदा फोन उचलला नाही, आणि संध्याकाळपासून त्यांची भाकरी निम्म्यावर आली. चंद्रिकाने दुसऱ्या दिवशी त्यांचं रक्त लॅबमध्ये नेलं. साखर, थायरॉइड, हिमोग्लोबिन, सगळं जिथल्या तिथे. रिपोर्ट उत्तम आणि माणूस गप्प, अशा वेळी काय करायचं हे लॅबमधल्या कुठल्याच तक्त्यात नव्हतं.

त्याच शनिवारी बाजारहाट करायला ती मोठ्या दुकानात गेली. ढकलगाडी भरली, काउंटरवर अमरेशचं कार्ड पुढे केलं. मशीनने नकारार्थी आवाज काढला.

“ताई, लिमिट संपलंय.”

“शक्यच नाही. परत करून बघा.”

काउंटरवरच्या पोराने परत केलं. मशीनने परत तोच आवाज काढला, या वेळी मागच्या रांगेलाही ऐकू जाईल असा. मग पर्समध्ये असलेल्या पैशांत बसेल एवढंच ठेवायचं ठरलं. आधी बदाम गेले, मग तूप, मग शाम्पू. शेवटी ती जिरं आणि शिवानीचं दंतमंजन घेऊन घरी आली. चेहरा असा की गुरप्पांनी उठून तिला पाणी दिलं.

अमरेश आल्या आल्या तिने त्याचा फोन मागितला. कारखान्यात फोन लॉकरमध्ये राहतो, त्यामुळे बँकेचे मेसेज न उघडलेले थरावर थर साचले होते. एकाखाली एक तेच नाव, त्या गेमच्या कंपनीचं.

“हे काय आहे?”

अमरेश वाचत गेला तसा खाली बसत गेला. “मी न्हाई. आईशप्पथ मी न्हाई. मी तर झोपतो की गं.”

हे मात्र खरं होतं. उरलं कोण? गुरप्पांना टीव्हीचं बटण सापडत नाही. चंद्रिकाने शिवानीला समोर बसवलं, आवाज शक्य तितका मऊ केला, आणि तेवढ्यानेच शिवानी घाबरली.

“बाळा, आई रागावणार नाही. खरं सांग. काय केलंस?”

शिवानीने खूप विचार केला. “पिंकीच्या घरी आख्खी द्राक्षं खाल्ली.”

“आख्खी? म्हणजे न चिरता?” चंद्रिकाचा हात छातीवर गेला. “किती?”

“घोस.”

चंद्रिकाला क्षणभर कार्डाचा विसरच पडला. मग तिने स्वतःला सावरलं. “ते नंतर बघू. त्या गेममधून तू काही विकत घेतलंस का?”

शिवानीने ओठ आत ओढून घेतले. हो नाही, की नाही नाही. फक्त एकदा आजोबांच्या खोलीकडे बघितलं आणि नजर फरशीवर आणली. आणि त्या न बोलण्याने चंद्रिका मनातून हलली. पैसे गेले ते परत येतील; पण दुसरीतली पोर आईच्या डोळ्यांत बघून गप्प बसायला शिकली, तर उद्या काय काय लपवेल? तिला पंधरा वर्षांपुढचं सगळं दिसायला लागलं.

“बघ, पप्पापण सगळं खरं सांगतात,” ती म्हणाली आणि अमरेशकडे वळली. “सांगा, तुम्ही माझ्यापासून काही लपवलंय का?”

हा प्रश्न नमुन्यादाखल होता. पण अमरेश शिफ्ट करून आलेला, दमलेला, वरून घाबरलेला.

“एकदाच,” तो पुटपुटला. “कँटीनला. धुळाप्पानं आग्रह केला म्हणून.”

“काय एकदाच?”

“आम्लेट.”

अंडंसुद्धा न शिवणारं लिंगायताचं घर ते. देवळीतल्या बसवेश्वरांच्या फोटोपुढची समईसुद्धा जरा थबकल्यासारखी वाटली. आतल्या खोलीतून गुरप्पांचा खोकला ऐकू आला, लांबलचक, बापाचा.

दुसऱ्या दिवशी रविवार. आता पुरावाच काढायचा, असं चंद्रिकाने ठरवलं. काय घेतलं, कधी घेतलं, हे सगळं यंत्रात कुठेतरी नोंदलेलं असतं, हे तिला माहीत होतं. कुठे, ते माहीत नव्हतं. अमरेशने कारखान्यातल्या धुळाप्पाला फोन लावला. त्याच्याकडे असंच यंत्र होतं. फोन स्पीकरवर टाकला. शिवानी कोपऱ्यात उशी पोटाशी धरून बसली. गुरप्पा दाराच्या चौकटीला टेकून उभे राहिले.

“अमऱ्या, सेटिंगमधी जा बे,” धुळाप्पा म्हणाला.

“गेलो.”

“खाली ये. अजून खाली. काय दिसलालंय?”

“आवाज कमी जास्त करायचं दिसलालंय.”

“लई खाली गेलास बे. वर ये. तुझं खातं हाय ना, त्यात जा. मग पैशाचं काय तर असतंय, त्याच्यात घेतल्याली सगळी हिस्ट्री येती.”

“तुझी वहिनी हाय शेजारी,” अमरेश घाईने म्हणाला.

“नमस्कार वहिनी!”

“नमस्कार,” चंद्रिका म्हणाली. “आम्लेट कसं होतं?”

“अमऱ्या, खाली जा बे, खाली!” धुळाप्पा घाईघाईने म्हणाला. आणि त्या गोंधळात अमरेशच्या अंगठ्याखाली नको ते बटण दाबलं गेलं, पडद्याने काहीतरी विचारलं, त्याने घाबरून ‘हो’ म्हटलं, आणि यंत्राने आपली भाषाच बदलली. सगळा पडदा उभ्याआडव्या रेघांच्या घरट्यांनी भरला. ती जपानी की चिनी, यावरही नवराबायकोत वाद झाला.

“अबे, काय दाबलास तू?” धुळाप्पा ओरडला.

“मला काय ठाऊक! हे चटईची नक्षी दिसल्यागत दिसलालंय.”

“बंद करून चालू कर.”

बंद करून चालू केलं. नक्षी तशीच. धुळाप्पाने ‘बायको बोलवालीय’ म्हणून फोन ठेवला. अमरेशने आणखी दोन बटणं दाबली, तेव्हा पडदा काळा झाला आणि मधोमध एक लाल त्रिकोण आला.

“गेलं,” तो म्हणाला. “बोनस गेला माझा.”

“शिवानी,” चंद्रिका वळली. आता तिच्या आवाजातला मऊपणा संपला होता. “तुला हे येतं. मला माहितीये तुला येतं. काढून दे. आणि नाही काढून दिलंस तर हे यंत्र आज संध्याकाळी विकून टाकणार. कायमचं.”

शिवानीचे डोळे भरले. तिने उशी आणखी घट्ट धरली आणि एकच वाक्य म्हणाली, “मी अज्जाला प्रॉमिस केलंय.”

दाराच्या चौकटीत हालचाल झाली. गुरप्पा पुढे आले, धोतराचा सोगा आवरून टीव्हीसमोर मांडी घालून बसले आणि मुलाच्या हातातून तो बटणांचा ठोकळा काढून घेतला. तो हातात धरायची त्यांची तऱ्हा चंद्रिका बघत राहिली. जन्मभर कासरा धरलेले ते हात होते आणि ठोकळाही ते तसाच धरत होते: सैल, पण सुटणार नाही असा.

“लाल तिकोन आला की गोल दाबायचा,” ते स्वतःशीच म्हणाले. “हां. आता चाकाचं चित्र. त्याच्या खाली माणसाचं मुंडकं. त्याच्या खाली पाकीट.”

“अप्पा!” अमरेश म्हणाला. “तुम्हाला हे वाचता येतंय?”

“छ्या! मला ते विंग्रजी तरी कुटं येत हुतं? मी चित्रं बघून जातो. भाषा बदलली तर तुमची पंचाईत, माझं काय?”

त्यांचे अंगठे भराभर चालत होते. भाषा पुन्हा जागेवर आली. शिवानी उशीसकट सरकत येऊन त्यांच्या मांडीला टेकली.

“पोरीला काय बोलू नगा,” गुरप्पा पडद्यावरची नजर न काढता म्हणाले. “शेत माझं हाय.”

मग सगळं बाहेर आलं. यंत्राबरोबर एक शेतीचा गेम फुकट आला होता. एका दुपारी शिवानीने त्यात गाजरं लावली. मागे बसून बघणाऱ्या गुरप्पांना राहवलं नाही. “आगं, दोन सऱ्यांत जागा किती सोडलीस?” तिथून सुरुवात झाली. आठवड्याभरात शिवानी कंटाळली आणि आजोबा मात्र रोज दुपारी, चंद्रिकाचा फोन येऊन गेला की, शेतावर जायला लागले. विहीर बांधली. दोन बैल घेतले. त्या गेममध्ये इंटरनेटवरून कुठले कुठले खरे लोक एकमेकांच्या शेतावरून फिरत जातात. बोलता येत नाही, नुसता हात हलवता येतो.

“हिनं सांगितलं, आईला कळलं तर दुपारी टीव्ही म्हणून बोलंल,” गुरप्पा शिवानीकडे बोट करून म्हणाले. “मग आमी दोगं गप बसलो.”

“आणि बैल?” चंद्रिकाने विचारलं. “फोनवर तो बैल...”

“ढवळ्या. त्याला घुंगरं लई आवडत्यात.”

आता गुरप्पांना बोलायला आवडायला लागलं होतं. त्यांनी खरेदीचं पान उघडलं आणि अभिमानाने एकेक चित्र दाखवायला लागले. “ही बैलाची झूल. ही गाडगी. आन ही पाव्हण्याची टोपली, हिच्यात सगळं येतं, भाकरी, फळं, एक उपरणं. ही बग, ही बी टोपली, ही बी...” मग ते थांबले. मान पुढे काढून त्यांनी पडद्यावर बोट टेकवलं. “ह्ये रुपायाचं चिन्न हितं कशाला?”

अमरेशने चंद्रिकाकडे बघितलं.

“मी तर भोपळं इकलं की, शिवानी? त्याचं पैसं आल्तं की माझ्याकडं. पिवळी नाणी.”

“अज्जा, पिवळी पिकाची असतात,” शिवानी हळूच म्हणाली. “ही निळी होती. मला पण ठाऊक नव्हतं, निळी पप्पांच्या कार्डाची असतात.”

गुरप्पांनी ठोकळा फरशीवर ठेवला, अगदी हळू, जणू तो तापला होता. उठले, आत गेले. थोड्या वेळाने बाहेर आले ते डोक्याला पटका बांधून आणि हातात पिशवी घेऊन. पिशवीतून पंचाचं टोक आणि विभूतीची डबी दिसत होती.

“मी जरा महेश्वरकडं जाऊन येतो अक्कलकोटला,” ते भिंतीकडे बघत म्हणाले. महेश्वर म्हणजे त्यांचा चुलतभाऊ. “चार दिस. नायतर हिवाळा काढून येतो. हितं आसलं की माझ्याकडनं कायतर नुसकान हुतंय.”

“अप्पा, बसा की,” अमरेश म्हणाला, पण बापाचा हात धरावा की नाही हे त्याला समजेना. शिवानीने मात्र पिशवीचा बंद पकडला होता.

चंद्रिका यातलं काही बघत नव्हती. ती पडद्याकडे बघत होती. जन्मभर रिपोर्ट बघायची सवय. आकड्यापेक्षा तारीख आधी दिसते. झूल, गाडगी ही आधीची, तुरळक. पण टोपल्या? त्या सगळ्या एका दुपारच्या होत्या. एकामागून एक, श्वास घ्यायला वेळ नसल्यासारख्या. आणि ती दुपार अमावस्येची होती. याच दुपारी त्यांनी फोन उचलला नव्हता. ‘कोण येणारंय मामा, दुसऱ्या मजल्यावर?’ हे तिचंच वाक्य त्या पानावरून तिच्याकडे बघायला लागलं.

“मामा,” ती म्हणाली. “येळवशीला किती जण आले होते शेतावर?”

गुरप्पा दारातच थांबले. “जेवणाऱ्याला मोजत न्हाईत, यव्वा.”

“सगळे जेवून गेले?”

पिशवी हळूहळू खाली आली.

“एक ऱ्हायला,” ते म्हणाले. आवाज अगदी बारीक झाला होता. “हिरवी टोपी घालून येतोय एकजण. रोज दुपारी. कोण, कुटला, काय म्हायती न्हाय. काय करत न्हाय, नुसता आपल्या हिरीवर येऊन हुबा ऱ्हातो. मी हात हलीवला की त्यो हलीवतो. त्या दिशी सगळ्यात शेवटी आला. मी टोपली घ्याला गेलो आन बटनच चालंना. दाबतोय, दाबतोय, लाल तिकोन. त्यो जरा वेळ थांबला. मग गेला. येळवशीच्या दिशी आपल्या बांधावरनं माणूस उपाशी गेला बग. पुना आला न्हाई.”

म्हणजे निम्म्यावर आलेली भाकरी ही होती. साखर, थायरॉइड आणि हिमोग्लोबिन यांचा काही संबंध नव्हता.

चंद्रिकाने पुढे होऊन पिशवी घेतली आणि आत नेऊन खुंटीला लावली. “महेश्वर काकांकडं संक्रांतीनंतर सगळेच जाऊ,” ती आतूनच म्हणाली. “थंडीत एकट्यानं एसटीनं जायचं नाही. कानाला वारं लागतं.”

संध्याकाळी अमरेशने कंपनीची तक्रारीची जागा शोधून काढली. चुकून झालेली खरेदी परत करता येत होती. प्रश्न एकच होता: ‘ही खरेदी घरातील लहान मुलाने केली आहे का?’ ‘हो’ म्हटलं तर सगळे पैसे परत.

“हो दाबतो,” अमरेश म्हणाला. “शिवानीचं नाव घालतो. हाय काय त्यात.”

“घाला की पप्पा,” शिवानी म्हणाली. “मला चालतंय.”

“थांबा.” चंद्रिकाचं लक्ष खालच्या बारीक अक्षरांकडे गेलं होतं. आता ती बारीक अक्षरं सोडत नव्हती. “खाली काय लिहिलंय बघा. पैसे परत घेतले तर दिलेल्या वस्तूही परत घेतल्या जातील. ज्यांना दिल्या त्यांच्याकडून.”

गुरप्पांनी चमकून मान वर केली. लगेच खालीही घातली; बोलायचा हक्क आपण गमावलाय असं त्यांना वाटत असावं.

“म्हणजे त्या लोकांच्या घरातनं टोपल्या उचलून आणणार?” चंद्रिका म्हणाली. “जेवू घातलेलं कुणी परत मागतं का? आणि लहान मुलानं नाही केली खरेदी. घरातल्या मोठ्या माणसानं केलीय. नाही दाबा.”

“अगं पण पैसे...”

“तुमचा फुटबॉलचा गेम विकू. तसाही तुम्ही झोपताच. आणि कँटीनचा खर्च वाचेल आता.”

अमरेशने निमूटपणे ‘नाही’ दाबलं.

त्यानंतर चंद्रिकाने यंत्राला पासवर्ड घातला. प्रत्येक खरेदीच्या आधी विचारणारा. तो फक्त तिला ठाऊक आहे, आणि तिने तो दोनदा विसरून बघितला आहे. गुरप्पांना तिने बसवून समजावलं, पिवळं नाणं पिकाचं, निळं कार्डाचं.

“पिवळ्यात काय काय येतं मामा?”

“भोपळा. गाजरं.”

“मग भोपळा द्या. भोपळ्याला कुणी नावं ठेवतंय का?”

“भोपळ्याची भाजी तू केलीस की तुझा नवराच ठेवतोय,” गुरप्पा म्हणाले. बऱ्याच दिवसांनी ते टोमणा मारण्याइतके बरे झाले होते.

आताही दुपारी लॅबमधून फोन जातो. फक्त प्रश्न बदलले आहेत. “मामा, जेवलात? शिवानी? ढवळ्याला पाणी दाखवलं? आणि विहिरीला कठडा घातला का? नाही? मामा, लोक येतात-जातात तिथं, कुणी पडलं म्हणजे? आधी कठडा घाला, मग भोपळे.” पलीकडे घुंगरं वाजतात.

कार्डाचा नवा महिना सुरू झाला त्या रविवारी दुपारी गुरप्पांना झोप लागल्यावर चंद्रिका टीव्हीसमोर बसली. चाकाचं चित्र नको, टोपलीचं चित्र. पासवर्ड टाकला, चुकला, पुन्हा टाकला. गॅसवर दूध होतं. ते उतू गेलं, जाऊ दिलं. एक पाव्हण्याची टोपली तिने निळ्या नाण्यांत घेतली आणि विहिरीच्या नव्या कठड्याजवळ ठेवली. गुरप्पा उठले, त्यांनी ती बघितली, आणि त्या दिवशी पूर्ण भाकरी खाल्ली.

टोपली अजून तिथेच आहे. हिरव्या टोपीवाला आलेला नाही. गुरप्पा रोज विहिरीवर जाऊन उभे राहतात, इकडे तिकडे बघतात, आणि पडद्याकडे तोंड करून विचारतात, “ऊटा आतेनु?” म्हणजे जेवलास का? यंत्राला कानडी येत नाही.

म्हणून तुम्हाला एक विनंती. तुमच्या घरात, वरच्या मजल्यावर, शेजारच्या दाराआड दुपारच्या वेळी कुणी एकटंच टीव्हीसमोर बसत असेल. शाळा सुटलेलं पोरगं असो, कामावरून कमी झालेला माणूस असो, नाहीतर कुणाचे सासरे असोत. हे वाचून झालं की एकदा उठा, दार थोडं ढकलून बघा. पडद्यावर हिरवी टोपी दिसली तर सांगा, सोलापुरात टोपली ठेवलेली आहे. आणि नसली दिसली, तरी आलाच आहात तर विचारून घ्या, जेवलास का.